निघाल्या ठिकाणापासून

नाशिकमधून बाहेर पडणाऱ्या रस्त्यांची नावं एकापाठोपाठ म्हणून पाहा. पश्चिमेला त्र्यंबक रोड. वायव्येला पेठ रोड, उत्तरेला दिंडोरी रोड. ओझरवरून मालेगावकडे जाणारा आग्रा रोड ईशान्येला. जुना औरंगाबाद रोड, आताचा छत्रपती संभाजीनगर रोड, पूर्वेला. मोहदरीचा घाट चढून सिन्नरला जाणारा पुणे रोड आग्नेयेला. देवळाली कॅम्प आणि भगूर दक्षिणेला, आणि पांडवलेणीच्या पायथ्याने निघालेला मुंबईचा हायवे नैऋत्येला. ढोबळमानाने का होईना, आठ दिशांना आठ वाटा. असं दिशाचक्र फार थोड्या गावांना मिळतं, आणि मला त्याचा अभिमान आहे.

मात्र हे सगळे रस्ते एका जागेवरून निघत नाहीत. त्र्यंबक रोडची सुरुवात त्र्यंबक नाक्याला, पुणे रोडची द्वारकेला, पेठ आणि दिंडोरीच्या वाटा गोदावरीपलीकडे पंचवटीतून. त्यामुळे ‘त्र्यंबक नाशिकपासून किती लांब?’ असं कुणी विचारलं की मी आधी विचारते, नाशिक म्हणजे कुठून? ऐकणाऱ्याला हे फाटे फोडणं वाटतं. पण अंतराच्या कुठल्याही प्रश्नात पहिली गोष्ट हीच ठरवावी लागते. पाय कुठे रोवलाय ते आधी सांगा, मग पुढचं सगळं सांगता येतं.

मी स्पर्धा परीक्षांच्या मुलामुलींना बुद्धिमत्ता चाचणी शिकवते. पोलीस भरती, तलाठी, वनरक्षक, अशी ही मुलं. काही शहरातली, सिडको-सातपूरची. पण बरीचशी पेठ, सुरगाणा, कळवण, दिंडोरीकडून येऊन खोली करून राहिलेली. पहाटे ग्राउंड, दिवसभर अभ्यासिका, संध्याकाळी क्लास. त्यांच्या पुस्तकात ‘दिशा व अंतर’ नावाचं प्रकरण असतं, साधारण वीसेक पानांचं. बहुतेक शिक्षक ते दोन तासांत उरकतात. मी त्यावर बराच वेळ घालवते, आणि त्याची कारणं इथे मांडायची आहेत.

प्रश्न सगळ्यांनी पाहिलेले असतात. एक माणूस घरातून निघून उत्तरेकडे ६ किमी जातो. तिथून उजवीकडे वळून ५ किमी जातो. पुन्हा उजवीकडे वळून १८ किमी जातो. तर तो मूळ ठिकाणापासून किती अंतरावर आणि कोणत्या दिशेला आहे?

या छोट्या प्रश्नात दोन वेगळ्या पद्धतीची मापं एकमेकांत मिसळलेली आहेत. ‘उत्तरेकडे’ हे जमिनीचं माप. ते माणूस कसाही फिरला तरी बदलत नाही. ‘उजवीकडे’ हे अंगाचं माप. ते माणसाबरोबर फिरतं. उत्तरेकडे तोंड असताना उजवा हात पूर्वेला असतो, पूर्वेकडे तोंड केलं की तोच हात दक्षिणेला जातो. म्हणजे प्रश्नातला माणूस जिथे जिथे वळेल तिथे वाचणाऱ्यालाही त्याच्यासोबत वळावं लागतं, आणि वळून झाल्यावर पुन्हा जमिनीची दिशा सांगावी लागते. मुलं अडखळतात ती या ठिकाणी. वर्गमूळ नंतर येतं, आणि तेवढं बहुतेकांना जमतं.

आमच्या वर्गाचा फळा पूर्वेच्या भिंतीवर आहे. बाकावर बसलेल्यांची तोंडं उगवतीला. म्हणजे खरी उत्तर त्यांच्या डाव्या हाताला, रस्त्याकडच्या खिडकीच्या बाजूला. पण फळ्यावर आकृती काढताना मी रिवाजाप्रमाणे उत्तर वर दाखवणार, छताकडे. शहरातल्या मुलांना यात काहीच खटकत नाही. नकाशात उत्तर वरच असते, शाळेपासून तसंच पाहिलंय. डोंगराकडून आलेल्या मुलांना मात्र खटकतं, आणि ते नीट सांगता येत नाही म्हणून ती गप्प बसतात. त्यांना उत्तर कुठे आहे हे पक्कं माहीत असतं. ती खिडकीकडे आहे. मॅडम छताकडे दाखवतायत. दोन्हीतलं खरं कुठलं धरायचं?

सुरगाण्याकडची एक मुलगी अशीच सगळ्या दिशांच्या प्रश्नांत अडायची. तिला मी तिच्या पाड्यावर जायचा रस्ता विचारला. तिच्या सांगण्यात एकदाही डावं-उजवं आलं नाही. “फाट्यावर उतरायचं, मग मावळतीला चालत जायचं, ओहोळ लागतो. ओहोळाच्या वरल्या अंगानं गेलं की टेकाड. टेकाडाच्या उगवतीकडं आमची घरं.” असा रस्ता मी दिवसा सांगू शकेन, रात्री नाही, ती रात्रीही सांगेल. जिच्या डोक्यात जमीन इतकी पक्की बसली आहे, ती दिशांच्या प्रकरणात मागे पडते, हे मला पटेना.

तिला म्हटलं, फळ्याकडे बघू नकोस. वही बाकावर सपाट ठेव. आता वही डावीकडे फिरव, पानाचं वरचं टोक खिडकीकडे येईपर्यंत. तिने फिरवली. आता पानावरची उत्तर आणि खिडकीतली उत्तर एक झाली. मग माणूस उत्तरेकडे निघाला तेव्हा तिची पेन्सिल खिडकीकडे सरकली, उजवीकडे वळला तेव्हा फळ्याकडे, पुन्हा उजवीकडे वळला तेव्हा पलीकडच्या भिंतीकडे. तिने आकृती काढली, आडव्या वहीवर, आणि मान वर करून म्हणाली, “हा तर सरळ आहे.” पुढे बरेच दिवस ती प्रत्येक प्रश्नाला वही फिरवायची. परीक्षेच्या हॉलमध्ये फळा कुठल्या भिंतीला असेल कुणास ठाऊक, म्हणून हळूहळू तिने तेही सोडलं. पण सुरुवात तिथून झाली, खऱ्या उत्तरेपासून.

तेव्हापासून कुठल्याही नव्या बॅचला माझं पहिलं काम ठरलेलं. सगळ्यांनी उभं राहायचं, उत्तरेकडे तोंड करायचं. शहरातली निम्मी मुलं एकमेकांकडे बघतात. मोबाईलला हात जातो. मोबाईल खिशात ठेवायला सांगते, आणि बाकीच्यांना सांगते की यांना दाखवा.

डाव्या-उजव्याचा घोळ वर्गात सोडवायचा तर आमच्याकडे नदी आहे. गंगा, म्हणजे आमची गोदावरी, त्र्यंबककडून येते. गंगापूर, सोमेश्वर, आनंदवली करत ती पूर्वेकडे वाहत शहरात शिरते आणि रामकुंडाशी दक्षिणेला वळते. इथे ती दक्षिणवाहिनी होते, म्हणून या ठिकाणाचं माहात्म्य. पुढे टाकळी-तपोवनाच्या अंगाला ती परत पूर्वेची वाट धरते. मुलांना विचारते, गंगा रामकुंडाशी कुठल्या हाताला वळली? पंचवटीच्या काठावर उभं राहून पाहिलेली मुलं एक सांगतात, नाशिकच्या काठावरून पाहिलेली दुसरं. दोघंही आपापल्या अंगाने सांगत असतात. उत्तर सापडतं ते नदीत उभं राहून, पाण्याच्या दिशेला तोंड केल्यावर: पूर्वेकडे चाललेली नदी दक्षिणेला वळली म्हणजे उजवीकडे वळली.

पाटबंधाऱ्यांच्या कामात हा नियम कायमचा घालून दिलेला आहे. नांदूरमधमेश्वरच्या बंधाऱ्यावरून गोदावरी डावा कालवा आणि गोदावरी उजवा कालवा निघतात. कुणाचा डावा, कुणाचा उजवा? नदीचा. पाणी वाहतं त्या दिशेला तोंड करून जो डावा हात तो डावा काठ. शेतकरी कुठल्या बांधावर उभा आहे याला महत्त्व नाही. एकदा तोंड ठरलं की डावं-उजवंसुद्धा जमिनीचं माप होतं. हे कळल्यावर मुलांना ‘प्रश्नातल्या माणसाचं तोंड कुठे आहे ते आधी लिहा’ हा माझा हट्ट पटतो. प्रत्येक वळणाला एक बाण, बस्स.

आता दिशा कळते कशावरून? सूर्य पूर्वेला उगवतो, हे आपण पाठ म्हणतो. नाशिकच्या अक्षांशावर, म्हणजे साधारण २० अंश उत्तरेला, ते वर्षातून दोनच दिवस काटेकोर खरं असतं: २१ मार्च आणि २३ सप्टेंबरच्या आसपास. जूनच्या अखेरीस सूर्य खऱ्या पूर्वेच्या सुमारे २५ अंश उत्तरेला उगवतो आणि डिसेंबरात तितकाच दक्षिणेला. म्हणजे उगवतीचा पट्टा चांगला पन्नास अंशांचा. गच्चीवरून रोज पहाटे पाहणाऱ्याला तो वर्षभर डोंगरांच्या रांगेवरून इकडून तिकडे सरकताना दिसतो. परीक्षेतला सावलीचा प्रश्न (‘सकाळी एका मुलाची सावली त्याच्या डाव्या बाजूला पडली, तर त्याचं तोंड कोणत्या दिशेला?’) हा पट्टा विसरून एक रेघ धरतो. ते ठीकच आहे, उत्तर उत्तरेलाच येतं. पण मुलांना मी हेही सांगते की मे महिन्याच्या विशीपासून जुलैच्या विशीपर्यंत नाशिकमध्ये दुपारचा सूर्य डोक्याच्या किंचित उत्तरेला असतो आणि साडेबाराच्या सुमाराची सावली दक्षिणेला पडते. या काळाच्या दोन्ही टोकांना एकेक दिवस असा येतो की उभ्या खांबाची सावली भर दुपारी नाहीशी होते. जुलैत ढग असतात, मे महिन्यात बघायला मिळतं. पुस्तकात दुपारची सावली उत्तरेला असं लिहिलेलं असलं तरी डोळ्यांवर विश्वास ठेवायला हवा.

सूर्यावरून खरी पूर्व-पश्चिम काढायची एक जुनी रीत आहे आणि ती मला फार आवडते. सपाट जमिनीवर एक काठी ओळंब्यात उभी करायची. तिच्याभोवती दोरीने वर्तुळ आखायचं. सकाळी सावली लांब असते, मग आखडत जाते. तिचं टोक वर्तुळाच्या रेघेवर आलं की तिथे खूण करायची. दुपारनंतर सावली पुन्हा वाढते आणि दुसऱ्या बाजूने रेघेला टेकते. तिथे दुसरी खूण. दोन खुणांना जोडणारी रेघ म्हणजे पूर्व-पश्चिम. सूर्य उत्तरायणात असो की दक्षिणायनात, ही रेघ जवळजवळ तीच येते, कारण सकाळची आणि दुपारची सावली मध्यान्हीच्या दोन्ही बाजूंना सारखी असते. यज्ञवेदी आखायचे नियम सांगणाऱ्या शुल्बसूत्रांच्या काळात वेदी मांडायला हीच रीत होती. आज काठी आणि दोरी घेऊन कुणालाही पडताळून बघता येते.

होकायंत्राची सुई भौगोलिक उत्तर दाखवत नाही, चुंबकीय उत्तर दाखवते, हे मुलांनी वाचलेलं असतं आणि त्यांना त्याची धास्ती वाटते. महाराष्ट्रात या दोन उत्तरांमधला फरक एका अंशाहूनही कमी आहे. जगातल्या पुष्कळ ठिकाणी तो दहा-पंधरा अंश असतो, तेव्हा आपण नशीबवान. खरा त्रास जवळच्या लोखंडाचा. मुंबईत कुलाब्याला चुंबकत्व मोजणारी वेधशाळा होती. शहरात विजेवरच्या ट्राम येणार म्हटल्यावर त्या विजेने नोंदी बिघडतील, म्हणून हे काम १९०४ मध्ये अलिबागला हलवण्यात आलं. पृथ्वीची सुई ऐकायची तर गावाबाहेर जावं लागतं, हे तेव्हाच्या लोकांनी ओळखलं. आमच्या वर्गातल्या लोखंडी बाकांवर मोबाईलचं होकायंत्र भिरभिरतं तेव्हा मी ही गोष्ट सांगते.

तर, दिशा पक्की झाली. आता अंतर. माझ्या फळ्यावर दोन रकाने असतात. एक उत्तर-दक्षिण, दुसरा पूर्व-पश्चिम. मघाच्या माणसाचं बघा: उत्तरेला ६, नंतर दक्षिणेला १८, एकातून दुसरं गेलं, दक्षिणेला १२ उरले. पूर्वेला ५. बाकी काही नाही. चालला एकूण २९ किलोमीटर, आणि घरापासून आहे दक्षिणेला १२ आणि पूर्वेला ५. वाट कशी होती, कितीदा वळला, आधी काय आणि नंतर काय, यातलं काहीही उरत नाही. वीस वळणं असली तरी शेवटी दोनच आकडे. मला या गणितात सगळ्यात सुंदर वाटतं ते हे. १२ चा वर्ग १४४, ५ चा २५, बेरीज १६९, म्हणजे १३ किलोमीटर. दिशा? पर्यायांत ‘आग्नेय’ असेल, तो बरोबर. पण काटेकोर आग्नेय तेव्हाच, जेव्हा दोन्ही आकडे सारखे. इथे तो माणूस दक्षिणेपासून पूर्वेकडे जेमतेम साडेबावीस अंश झुकलेला आहे. परीक्षेला तेवढं लागत नाही, जमिनीवर लागतं.

चाललेलं अंतर आणि निघाल्या ठिकाणापासूनचं अंतर या दोन गोष्टी वेगळ्या आहेत, हे भरतीच्या मुलांना पुस्तकातून शिकवावंच लागत नाही. त्यांच्या ग्राउंडला मुलांना १६०० मीटर धावायचं असतं, मुलींना ८००. चारशे मीटरच्या ट्रॅकवर चार फेऱ्या, दोन फेऱ्या. छाती फुटेस्तोवर धावून जिथून सुटलो त्याच रेघेवर पोचायचं. धावलेलं अंतर ८००, सुरुवातीपासूनचं शून्य. एका मुलीने वर्गात हे बोलून दाखवलं आणि सगळ्यांनी एकदम मान डोलावली, त्यातल्या बऱ्याच जणींचे पाय सकाळपासून भरलेले होते.

काटकोन त्रिकोणाचा हा नियम आपण पायथागोरसच्या नावाने शिकतो. बौधायनाच्या शुल्बसूत्रात तो आयताच्या कर्णाच्या रूपात सांगितलेला आहे: लांबी आणि रुंदी वेगवेगळी जी क्षेत्रफळं करतात, ती दोन्ही मिळून कर्णावरची दोरी करते. दोरी म्हणजे शुल्ब. तिथे ३ आणि ४, १२ आणि ५, १५ आणि ८, ७ आणि २४ अशा जोड्याही दिलेल्या आहेत. परीक्षेतल्या दिशांच्या प्रश्नांत आजही घोळून घोळून याच जोड्या येतात. मुलं त्यांना ‘त्रिकुटं’ म्हणून पाठ करतात. पाठ जरूर करावीत, वेळ वाचतो. पण एकदा तरी जमिनीवर आखून बघावीत.

आखायचं कसं, ते गवंडी रोज करतो. पाथर्डी फाट्याच्या पुढे कुठलाही नवा प्लॉट घ्या. पाया आखताना मिस्त्री कोपऱ्यावर खुंटी ठोकतो, एका दोरीवर तीन फुटांवर खूण, दुसरीवर चार फुटांवर. दोन खुणांमध्ये टेप धरतो. पाच फूट भरले की कोपरा गुण्यात. पाच फूट एक इंच भरले की दोरी आत सरकवायची. त्यातले बरेच मिस्त्री शाळेत फार शिकलेले नसतात, वर्गमूळ हा शब्द त्यांनी कधी वापरलेला नसतो. काटकोन मात्र त्यांच्या हातून चुकत नाही, कारण तो चुकला तर अख्खं घर गुण्यातून जातं आणि शेवटी फरशी बसवताना प्रत्येक खोलीत एक पाचर उरते.

माझं आजोळ निफाड तालुक्यातलं. द्राक्षबागा यायच्या आधी तिथे ऊस आणि गहू होता. लहानपणी बांधाच्या वादावरून शेताची मोजणी झाली, ती मी पाहिली. मोजणीदाराकडे साखळी होती, तेहेतीस फुटांची, सोळा आण्यांत विभागलेली. एक साखळी लांब आणि एक साखळी रुंद म्हणजे एक गुंठा. असे चाळीस गुंठे म्हणजे एकर. त्याच्याकडे दुसरी वस्तू होती, जिला तो शंकू म्हणायचा. काठीच्या टोकावर लाकडाचा ठोकळा आणि त्याला एकमेकींना काटकोनात छेदणाऱ्या दोन खाचा. दोन हद्दीच्या दगडांमध्ये त्याने एक सरळ रेघ धरली. एका खाचेतून पुढचा दगड दिसत राहील असा तो रेघेवरून पुढे सरकायचा आणि दुसऱ्या खाचेतून बाजूला पाहायचा. बांधाचं वळण त्या खाचेत आलं की थांबायचा. “लिहा,” म्हणायचा. रेघेवर इतक्या साखळ्या, इतके आणे. मग तिथून काटकोनात बांधापर्यंत साखळी टाकायची. बाजूला इतके आणे.

प्रत्येक वळणाला दोन आकडे. पुढे किती, बाजूला किती. दिवसभरात त्याच्या वहीत दोन रकाने भरले आणि त्यावरून कागदावर शेत उभं राहिलं, प्रत्येक वाकडेपणासकट. मी फळ्यावर जे दोन रकाने काढते ते मला त्या वहीतून मिळाले. आता मोजणीला रोव्हर येतो, उपग्रहांवरून जागा पकडतो, एका माणसाचं काही तासांचं काम. पण त्याच्याही पडद्यावर शेवटी उत्तरेचा एक आकडा आणि पूर्वेचा एक आकडा असतो, कुठल्यातरी ठरवलेल्या मूळ बिंदूपासूनचा.

आणि खरेदीखतातली चतुःसीमा वाचून बघा. पूर्वेस अमुक गट, पश्चिमेस ओहोळ, दक्षिणेस गाडीवाट, उत्तरेस तमुकाचं शेत. ‘डाव्या बाजूला’ असं तिथे कधी लिहिलेलं नसतं. लिहिणारा मरतो, विकत घेणारा मरतो, वाट बुजते, शेताची तोंडं फिरतात. जमिनीच्या भाषेत लिहिलेलं तेवढं टिकतं. ज्यांना तलाठी व्हायचंय त्या मुलांना मी एखादं खरेदीखत मुद्दाम वाचायला देते, नावं झाकून. दिशांचं प्रकरण कशासाठी आहे, हे त्यांना तिथे समजतं.

दक्षिणेकडे देवळालीला स्कूल ऑफ आर्टिलरी आहे. तिथल्या तोफांचे आवाज कधीकधी वाऱ्याबरोबर लांबवर येतात. तोफखान्याच्या कामात वर्तुळाचे ३६० भाग पुरत नाहीत, ६४०० भाग करतात, त्याला मिल म्हणतात. कारण साधं आहे. दहा किलोमीटरवरच्या जागेसाठी दिशेत एक अंशाची चूक झाली तर गोळा सुमारे पावणेदोनशे मीटर बाजूला पडतो. एक मिलची चूक झाली तर दहा मीटर. अंतर जसं वाढतं तशी दिशेतली बारीक चूक फुगत जाते. अंतराला इतकी किंमत देणाऱ्यांनी दिशेकडे किती बारकाईने पाहायला हवं, ते यात आहे.

परीक्षेत दिशांचा आणखी एक प्रकार येतो: ‘जर आग्नेयेला उत्तर म्हटलं, ईशान्येला पश्चिम म्हटलं, तर दक्षिणेला काय म्हणाल?’ हे प्रश्न मी शिकवते, गुण मिळतात म्हणून. पण मला ते आवडत नाहीत. दिशांची नावं मोकळी करून त्यांचा खेळ करणं म्हणजे ज्या मुलीला उत्तर खिडकीत दिसते तिची खिडकीच बुजवणं. त्यापेक्षा नकाशावरचे खरे प्रश्न द्यावेत.

तसे मी देते. गोदावरीचं गणित त्यातलं पहिलं. ती उगम पावते त्या ब्रह्मगिरीपासून अरबी समुद्र पश्चिमेला जेमतेम ८० किलोमीटर. नदी तिकडे पाठ फिरवते आणि १,४६५ किलोमीटर वाहून बंगालच्या उपसागराला मिळते. तिची एक शाखा आंध्रात अंतर्वेदीला समुद्रात शिरते. नकाशावरून अक्षांश-रेखांश घ्या, दोन रकाने भरा. अक्षांशाचा एक अंश म्हणजे १११ किलोमीटर. रेखांशाचा अंश उत्तरेकडे जाताना आखडतो. नाशिक आणि अंतर्वेदीच्या मधल्या पट्ट्यात तो साधारण साडेएकशेपाच धरा. मुलांचं उत्तर येतं: दक्षिणेला सुमारे ४००, पूर्वेला सुमारे ८७०. वर्ग, बेरीज, वर्गमूळ. साडेनऊशेच्या थोडं वर. म्हणजे वळणं घेत नदी निघाल्या ठिकाणापासूनच्या सरळ अंतराच्या दीडपट वाहिली.

मग दिशेवरून वाद पेटतो. काही म्हणतात पूर्व, काही म्हणतात आग्नेय. आठ दिशा धरल्या तर प्रत्येकीच्या वाट्याला ४५ अंश येतात, म्हणजे पूर्वेच्या दोन्ही बाजूंना साडेबावीस. नदीची रेघ पूर्वेपासून दक्षिणेकडे पंचवीस अंशांच्या आत-बाहेर झुकते. आग्नेयच, पण दोन अंशांनी. फळ्यावर कोनमापक लावून हे ठरवताना वर्गात कुणीच खाली बसलेलं नसतं.

गेल्या बॅचमध्ये कळवणचा एक मुलगा त्यावर म्हणाला, “आता आमची गिरणा घ्या.” गिरणा त्यांच्याच भागातल्या डोंगरात उगम पावते. कळवण, मालेगाव करत पूर्वेकडे वाहते, जळगाव जिल्ह्यात शिरून उत्तरेला वळते, म्हणजे डावीकडे. पुढे तापीला मिळते, आणि तापी चाललेली असते पश्चिमेला. पाणी पुन्हा डावीकडे वळलं. खानदेश मागे टाकून ते सुरतेजवळ अरबी समुद्रात जातं. त्याने फळ्यावर रकाने आखले. उत्तरेच्या रकान्यात भर पडत गेली. पूर्वेच्या रकान्यात आधी बरंच साठलं, मग तापीने ते सगळं परत घेतलं आणि वर आणखी पश्चिमेला नेलं. शेवटी उत्तरेचा आकडा उरला आणि पश्चिमेचा. त्याने खडू ठेवला आणि वर्गाला विचारलं, “मूळ ठिकाणापासून कोणती दिशा?” सुरगाण्याची मुलगी मागच्या बाकावरून म्हणाली, वायव्य.